समोर बसायला माणूसच नसेल तर? (विरळ वस्तीतलं स्पर्धेचं बुद्धिबळ)

तिरपा उंट

परवा रात्री झोप येईना म्हणून फिडेच्या (आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ महासंघाच्या) याद्या चाळत बसलो होतो (ज्याचं त्याचं व्यसन). आइसलंडपाशी येऊन अडकलो. एक लाख तीन हजार चौरस किलोमीटरचा देश, माणसं चार लाखांच्या आसपास. म्हणजे दर चौरस किलोमीटरला जेमतेम चार. मधला बराच भाग लाव्हा, वाळवंट आणि हिमनद्या. आणि ग्रँडमास्टर पंधराच्या आसपास!

फ्रिद्रिक ओलाफसन हा त्यांचा पहिला. जन्म १९३५ चा. १९५८ च्या पोर्तोरोझ इंटरझोनलमध्ये (जगज्जेतेपदाच्या वाटेवरची पात्रता स्पर्धा) तो पंधरा वर्षांच्या बॉबी फिशरशी पाचव्या-सहाव्या जागेवर बरोबरीत आला. दोघंही तिथून कँडिडेट्सला (जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणारी स्पर्धा) गेले, दोघंही ग्रँडमास्टर झाले. त्या स्पर्धेतला आपसातला डाव ओलाफसनने जिंकला होता. पुढे १९७८ ते १९८२ तो फिडेचा अध्यक्षही होता.

मला पडलेला प्रश्न साधा आहे. हा माणूस घरी असताना खेळायचा कोणाशी? पोहणारा एकटा पोहू शकतो, धावणारा एकटा धावू शकतो. बुद्धिबळात पुस्तकांवर एका पातळीपर्यंत जाता येतं, पण पुढे समोर कोणीतरी लागतो. तोही आपल्यापेक्षा बरा. आणि शक्यतो दर वेळी तोच नको.

आइसलंडच नव्हे, अशा इतर प्रदेशांबद्दलही कोणाला माहिती असेल तर लिहा. सैबेरिया, मंगोलिया, ग्रीनलंड, काहीही चालेल.

रातकिडा

यात कोडं कसलं? डिसेंबरात राजधानी रेक्याविकला चारेक तास उजेड असतो. बाहेर वारा, आत पट. माणूस दुसरं करणार काय!

लॉगिन_विसरलो

रातकिड्याला +१. शिवाय आता इंटरनेट आहे. समोर माणूस असायची गरजच काय? प्रश्न मिटला, धागा बंद करा.

गणिती

रातकिडा, हे उत्तर मी इतक्यांदा वाचलंय की आता त्याच्यावर शह द्यावासा वाटतो. अंधाराने ग्रँडमास्टर तयार होत असते तर ग्रीनलंडमध्ये त्यांची खाण निघाली असती. पूर्व किनाऱ्यावर इत्तोक्कोर्तूर्मीत नावाचं साडेतीनशे वस्तीचं गाव आहे, तिथे हिवाळ्यात जवळपास दोन महिने सूर्य उगवतच नाही. एकही ग्रँडमास्टर नाही.

आता उंटरावांच्या आकड्याकडे. दरडोई आकडा हा लहान देशांचा लाडका दागिना आहे. पंचवीस हजारांमागे एक ग्रँडमास्टर, हे वाचायला छान. त्याच हिशेबाने आपल्याकडे पन्नास हजारांवर हवेत आणि आहेत नव्वदच्या घरात. पण चार लाखांच्या देशात एक मुलगा बुद्धिबळ सोडून बँकेत लागला तरी हा आकडा हलतो. अशा आकड्यावर फार मोठी इमारत बांधू नये.

'दर चौरस किलोमीटरला चार माणसं' हा तर सरळ फसवा आकडा. सरासरी आहे ती. आइसलंडचे साठ टक्क्यांहून जास्त लोक रेक्याविक आणि त्याच्या आजूबाजूला राहतात. हिमनद्यांवर कोणी राहत नाही. म्हणजे नकाशा रिकामा आहे, पण माणसं एका जागी आहेत. मंगळवारी संध्याकाळी सात वाजता वीस बरे खेळाडू एका खोलीत जमू शकतात का, एवढंच विचारा. रेक्याविकमध्ये जमू शकतात. ग्रीनलंडमध्ये छप्पन्न हजारांच्या आसपास माणसं आहेत, पण एका गावातून दुसऱ्या गावाला जायला रस्ताच नाही. बोट नाहीतर विमान, हेलिकॉप्टर. तिथे ते वीस जण जमणार कसे?

तिरपा उंट

गणिती, 'कमी माणसं' आणि 'पांगलेली माणसं' हा फरक माझ्या डोक्यात आला नव्हता. पण मग एका शहरात चार लाख माणसं असलेल्या जगभरच्या प्रत्येक ठिकाणी पंधरा ग्रँडमास्टर का नाहीत? तुम्ही थंडी काढून टाकलीत, अंतर काढून टाकलंत. उरलं काय?

सौदामिनी

मी शिकायला दोन वर्षं रेक्याविकला होते, त्यामुळे थोडं लिहिते. बुद्धिबळात मी कच्ची आहे, चुकलं तर सांभाळून घ्या.

ग्रिमसे नावाचं एक बेट आहे, मुख्य भूमीच्या उत्तरेला चाळीसेक किलोमीटरवर. पाच-सव्वापाच चौरस किलोमीटरचा तुकडा, आर्क्टिक वृत्त त्यावरून जातं. दाल्विकहून बोटीने तीन तास. त्यातले अडीच मी डोकं पिशवीत घालून काढले. बेटावर माणसांपेक्षा पक्षी कैक पटींनी जास्त. आणि तिथे एका अमेरिकन माणसाचं स्मारक आहे, विलार्ड फिस्क यांचं.

हे फिस्क १८३१ चे. १८५७ मध्ये न्यूयॉर्कला पहिली अमेरिकन चेस काँग्रेस झाली, जी पॉल मॉर्फीने जिंकली, तिच्या आयोजकांतले ते एक. पुढे मॉर्फीबरोबर बुद्धिबळाचं मासिक चालवलं, मग कॉर्नेल विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले. आइसलंडच्या भाषेचं आणि पुस्तकांचं वेड होतं त्यांना. १८७९ मध्ये आइसलंडला आले तेव्हा ग्रिमसे त्यांनी फक्त बोटीवरून पाहिलं, पाय काही ठेवला नाही. पण तिथले लोक बुद्धिबळाचे नादी आहेत हे ऐकलं आणि बेटावर पट पाठवले, पुस्तकं पाठवली. १९०४ मध्ये वारले तेव्हा मृत्युपत्रात बेटासाठी बारा हजार डॉलर ठेवले होते. ११ नोव्हेंबरला, त्यांच्या वाढदिवशी, बेटावर अजून सण असतो.

डावात हरलेले बेटवासी कड्यावरून समुद्रात उड्या मारायचे, असली कथा तिथे पर्यटकांना हमखास ऐकवतात. मला तरी ती ऐकवणाऱ्याच्या डोळ्यांतच हसू दिसलं. मी गेले तेव्हा मला पट दाखवला, फोटो काढू दिला, पण माझ्याशी खेळायला कोणी बसलं नाही. नशीब माझं.

पण उंटकाका, तुमचं उत्तर ग्रिमसेत नसून रेक्याविकमध्ये आहे असं मला वाटतं. १९०० मध्ये रेक्याविकचा बुद्धिबळ क्लब निघाला, त्यामागेही फिस्क यांचाच हात. १९०१-०२ मध्ये आइसलंडच्या भाषेत बुद्धिबळाचं नियतकालिक निघत होतं, तेही त्यांच्याच पैशांवर! ओलाफसन जन्मला तेव्हा क्लब पस्तीस वर्षांचा झाला होता. तो घरी खेळायचा कोणाशी, तर या क्लबात तयार झालेल्या लोकांशी.

तिरपा उंट

सौदामिनी, फार छान. पण उंटकाका नको हो, माझं वय अजून चाळीसच्या आत आहे.

जोशीकाका

काका म्हणायचं तर इथे मी आहे!

१९७२ चा रेक्याविकचा फिशर-स्पास्की जगज्जेतेपदाचा सामना मला आठवतो. शाळेत होतो. ११ जुलैला पहिला डाव सुरू झाला आणि १ सप्टेंबरला निकाल लागला. तो सगळा पावसाळा आम्ही वर्तमानपत्रात आलेल्या चाली पटावर लावून काढला. पहिल्या डावात फिशरने उंटाने एच२ वरचं प्यादं खाल्लं आणि उंट अडकवून बसला. आमच्या गल्लीतल्या सर्वांत कच्च्या खेळाडूनेही 'मी नसतो खाल्लं' असं जाहीर केलं होतं. दुसऱ्या डावाला साहेब आलेच नाहीत. तिसरा डाव प्रेक्षकांपासून दूर, मागच्या एका छोट्या खोलीत झाला आणि तिथून स्पास्कीचं चक्र फिरलं. शेवट साडेबारा विरुद्ध साडेआठ.

त्या वेळी आइसलंडची लोकसंख्या दोन लाखांच्या जरा वर. एवढ्याशा देशाने शतकातला सर्वांत गाजलेला सामना भरवला. रशियाला आणि अमेरिकेला दोघांनाही चालेल अशी जागा, हे कारण होतंच. पण नुसती मधली जागा असून भागत नाही, सामना भरवायची धमक आणि सवय लागते. ती त्यांना होती. १९६४ पासून ते रेक्याविकची आंतरराष्ट्रीय स्पर्धा भरवत होते. पहिलीच माजी जगज्जेता ताल जिंकला, तेरापैकी साडेबारा गुण! एक अर्धा गुण सोडला गड्याने.

फिशरला पुढे २००५ मध्ये आइसलंडने नागरिकत्व दिलं, तेव्हा तो जपानमध्ये अटकेत होता. २००८ च्या जानेवारीत तो रेक्याविकलाच गेला. चौसष्टाव्या वर्षी. पटावर घरं तितकीच.

गणिती

काका, ते चौसष्टचं सगळेच म्हणतात, पण तुम्ही म्हटलंत म्हणून माफ. 🙂

रेक्याविकच्या स्पर्धेचा उल्लेख केलात ते मात्र मोलाचं. लोकांना वाटतं स्पर्धा म्हणजे बक्षीस समारंभ. प्रत्यक्षात दूरच्या प्रदेशासाठी ती नळाची जोडणी असते. ग्रँडमास्टर व्हायला २५०० रेटिंग (खेळाडूच्या ताकदीचा आकडा) लागतं आणि नॉर्म (स्पर्धेतल्या ठरावीक दर्जाच्या कामगिरीची पावती) लागतात. साधारण तीन, मिळून किमान सत्तावीस डाव. प्रत्येक नॉर्मला २६०० रेटिंगच्या तोडीची कामगिरी, प्रतिस्पर्ध्यांत किमान एक तृतीयांश ग्रँडमास्टर आणि परदेशी खेळाडूही ठरावीक संख्येने. आता विचार करा, तुमच्या देशात एकच ग्रँडमास्टर असेल आणि परदेशी कोणी फिरकत नसेल, तर तुम्ही कितीही चांगले खेळा, घरच्या मैदानावर नॉर्म मिळणं नियमानेच अशक्य आहे. दोनच वाटा. दर वेळी तिकीट काढून समुद्रापलीकडे जा, नाहीतर परदेशी ग्रँडमास्टरांना इकडे आणा. आइसलंडने दुसरी वाट धरली आणि साठ वर्षं टिकवली. आपली मुलंही जातातच तिथे. २०१६ ला अभिजीत गुप्ता जिंकला, २०१८ ला अधिबान, २०२२ ला प्रज्ञानंद.

शिवाय १९९० मध्ये कायदा करून त्यांनी ग्रँडमास्टरांसाठी सरकारी वेतननिधी काढला. खेळा, आणि पुढच्या पिढीला शिकवा. वर मी बँकेत लागलेल्या मुलाचं उदाहरण दिलं ना, तो मुलगा बँकेत जाऊ नये म्हणूनची ही सोय.

तेव्हा उंटराव, 'उरलं काय' याचं माझं उत्तर: बाहेरची माणसं नियमाने आत येणं.

रातकिडा

बरं, थंडी मागे घेतो. पण अर्धीच. कारण क्लबात जाऊन बसायला बाहेर थंडी असावी लागते. 😉

एकांडा

बऱ्याच दिवसांनी लॉगिन झालो. हा धागा माझ्यासाठीच काढल्यासारखा वाटला.

गेली तीन वर्षं मी कामानिमित्त अशाच एका जागी आहे. नाव सांगत नाही, सांगून कोणाला कळणारही नाही. सर्वांत जवळचं मोठं गाव सहा तासांवर. कॅम्पात चाळीसेक माणसं, त्यातली सहा बुद्धिबळ खेळणारी. इंटरनेट दिवसातून दोनदा येतं, सकाळी थोडं, रात्री थोडं. वर कोणीतरी 'प्रश्न मिटला' म्हणालंय, त्यांना इथे पाहुणे म्हणून बोलावतो. ऑनलाइन डावात बाराव्या चालीला जोडणी तुटते आणि घड्याळ संपून मी हरतो. जिंकलो तरी त्या डावांचं फिडेचं क्लासिकल रेटिंग मिळत नाहीच.

सहा जणांत काय होतं ते सांगतो. पहिले दोन महिने मजा येते. मग प्रत्येकाचा स्वभाव पाठ होतो. आमचे डॉक्टर वजिरावजिरी झाल्याशिवाय स्वस्थ बसत नाहीत. स्टोअरवाल्याला घोड्याचं इतकं वेड की तो घोड्यासाठी हत्तीही देईल. सर्व्हेअर शेवटची पाच मिनिटं उरली की थरथरायला लागतो, म्हणून त्याच्याशी मी मुद्दाम सावकाश खेळतो. हे सगळं मला येतं. पण हे बुद्धिबळ नव्हे, हा त्या पाच माणसांचा अभ्यास आहे. डॉक्टरांविरुद्ध मी जे ओपनिंग खेळतो ते मुळात खराब आहे. त्यांना ते तोडता येत नाही एवढंच.

आम्ही दर हिवाळ्यात साखळी स्पर्धा घेतो. सहा जणांत पंधरा डाव, पुन्हा उलट रंगाने पंधरा. दोन वर्षं मीच पहिला. त्या गुर्मीत सुट्टीवर असताना एका खुल्या स्पर्धेत नाव घातलं. पहिल्या फेरीला बारा वर्षांची एक मुलगी समोर. डॉक्टरांवर चालणारं ते ओपनिंग मी टाकलं. एकोणिसाव्या चालीला मी राजीनामा दिला. ती पाणी प्यायला उठली तेव्हा तिचे पाय खुर्चीवरून जमिनीला टेकत नव्हते हे माझ्या लक्षात आलं.

दुसऱ्या एका स्पर्धेची गोष्ट तर त्याहून वाईट. घाटात दरड कोसळली, गाडी अडकली, पहिल्या फेरीला वीस मिनिटं उशीर झाला. आयोजकांनी शून्य विलंबाचा नियम ठेवला होता. डाव न खेळताच हरलो. नियम नियमाच्या जागी बरोबर, पत्रकात लिहिलेलंही होतं. पण तो करणाऱ्याच्या दाराशी स्पर्धेचा हॉल असतो. सहा तासांवरून येणाऱ्याला एक दिवस आधी येऊन राहावं लागतं, म्हणजे दोन रजा जास्त, राहण्याचा खर्च जास्त, आणि एवढं करून पाच फेऱ्यांची स्पर्धा.

तिरपा उंट

एकांडा, त्या मुलीच्या पायांचं वाचून मी चहा सांडला.

'पाच माणसांचा अभ्यास' यावरून विचारतो, अशा बंद डबक्यात रेटिंगचं काय होतं?

गणिती

दोन्ही बाजूंनी बिघडतं.

एलो रेटिंग (फिडे वापरते ती पद्धत) म्हणजे आपसातली उधारी-उसनवारी आहे. तुम्ही मिळवलेले गुण बहुतेक करून समोरच्याच्या खिशातून आलेले असतात. बंद गटात नवी पोरं खालच्या रेटिंगने येतात, भराभर सुधारतात आणि जुन्यांचे गुण ओढतात. बाहेरून नवे गुण येत नाहीत. हळूहळू सगळा गट खाली घसरतो, खेळ मात्र तेवढाच चांगला असतो, किंवा वाढलेलाही. मग तिथला १७०० वाला बाहेर येऊन १९०० सारखा खेळतो आणि समोरचा कपाळावर हात मारतो. फिडेने हे काही अंशी ओळखलं आहे. नव्या आणि लहान खेळाडूंना के गुणांक (एका डावाने रेटिंग किती हलेल ते ठरवणारा आकडा) ४० देतात, त्यामुळे गटात थोडी भर पडते. आणि १ मार्च २०२४ ला तर २००० खालच्या सगळ्यांचं रेटिंग एकदाच उचललं, २००० पर्यंत जितकं अंतर होतं त्याच्या चाळीस टक्क्यांनी. तळही १४०० वर आणला.

उलट्या बाजूचं उदाहरण तर विनोदी आहे. क्लॉड ब्लडगुड नावाचा अमेरिकेतल्या व्हर्जिनियाच्या तुरुंगातला एक कैदी. इतर कैद्यांशी रेटिंगचे ढिगाने डाव खेळायचा. बाहेर जायचा प्रश्नच नव्हता, बाहेरचं कोणी येत नव्हतं. १९९६ मध्ये अमेरिकन महासंघाच्या यादीत त्याचं रेटिंग २७०२ झालं, देशात दुसरा क्रमांक! बरा खेळायचा, पण २७०२ चा नक्कीच नव्हता. जगात याहून विरळ वस्तीचा प्रदेश सापडायचा नाही.

प्यादेमात

सैबेरियाबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून.

खांती-मान्सीस्क. पश्चिम सैबेरियातला स्वायत्त प्रदेश, सव्वापाच लाख चौरस किलोमीटरच्या वर, दलदल आणि जंगल. राजधानीचं शहर लाखभर वस्तीचं. २००५ पासून तिथे पाच विश्वचषक झाले, २०१० चं ऑलिंपियाड (देशांच्या संघांची स्पर्धा) झालं, आणि २०१४ च्या मार्चमध्ये कँडिडेट्स झाली. ती आनंदने जिंकली, हे आपल्याला विसरून चालणार नाही. आदल्या नोव्हेंबरात चेन्नईत कार्लसनकडून हरल्यावर सगळ्यांनी त्याला निवृत्त करून टाकलं होतं. महिलांच्या २०१२ च्या जगज्जेतेपद स्पर्धेत हरिका उपांत्य फेरीपर्यंत गेली, तीही तिथेच.

रहस्य काही नाही. जमिनीखाली तेल आहे. पैसा असला की दलदलीतही ऑलिंपियाड होतं.

कडवट

प्यादेमात, तेल नसतानाही होतं. काल्मीकिया पाहा. कास्पियन समुद्राजवळचा गवताळ माळ, पाऊण लाख चौरस किलोमीटर आणि माणसं तीन लाखांच्या आत. तिथला अध्यक्ष किर्सान इल्युम्झिनोव्ह, १९९३ ते २०१०. १९९५ ते २०१८ फिडेचाही अध्यक्ष. परग्रहावरचे लोक आपल्याला यानातून घेऊन गेले होते असं जाहीर सांगणारा हाच तो गृहस्थ. रशियातल्या गरीब प्रदेशांपैकी एकात त्याने १९९८ च्या ऑलिंपियाडसाठी एलिस्ता शहराला खेटून आख्खी 'बुद्धिबळ नगरी' उभी केली. त्याच वर्षी जूनमध्ये विरोधी वर्तमानपत्राच्या संपादक लारिसा युदिना यांचा खून झाला. अध्यक्षाच्या माजी सहाय्यकांना त्यात शिक्षा झाली. ऑलिंपियाड पार पडलंच. खेळाची जादू वगैरे लिहिणाऱ्यांनी हेही लिहावं.

रातकिडा

आता धाग्याचं काश्मीर होणार. खुर्ची टाकून बसतो.

प्यादेमात

नाही होणार, कारण कडवट यांचं म्हणणं मला मान्य आहे. फक्त एक जोड. इल्युम्झिनोव्हने शाळांत बुद्धिबळ आणलं होतं. सनान स्युगिरोव्ह १९९३ मध्ये एलिस्तातच जन्मला, दहा वर्षांखालच्या गटात जगज्जेता झाला, ग्रँडमास्टर झाला. आता हंगेरीकडून खेळतो. नगरीतल्या पाहुण्यांच्या बंगल्यांपेक्षा शाळेतल्या तासांनी जास्त दिलं असं मी म्हणेन. २००६ ला जगज्जेतेपदाच्या सामन्यात क्राम्निक आणि टोपालोव्ह त्याच एलिस्तात स्वच्छतागृहावरून भांडले. तेवढीच त्या नगरीची जगाला आठवण.

सौदामिनी

शाळांवरून आठवलं. गणितींनी इत्तोक्कोर्तूर्मीतचं नाव घेतलं. तिथे बुद्धिबळ पोहोचलं आहे! आइसलंडमधला 'ह्रोकुरिन' नावाचा क्लब २००३ पासून ग्रीनलंडच्या गावागावांत जाऊन मुलांना शिकवत आला. ह्रोकुरिन म्हणजे पटावरचा हत्ती. ह्राफ्न योकुलसन हे त्याचे संस्थापक, २०२२ मध्ये गेले. विमानाने, मग हेलिकॉप्टरने, पटांची खोकी घेऊन. गावातल्या प्रत्येक मुलाला पट भेट द्यायचा, दोन-चार दिवस राहायचं, पुन्हा पुढच्या वर्षी यायचं. यातून ग्रँडमास्टर निघाला नाही हे खरं. त्यांनी तसा दावाही केला नव्हता. फिस्कने जे आइसलंडला दिलं तेच आइसलंडने पलीकडच्या किनाऱ्याला दिलं, असं मला उगाच वाटतं.

गणिती

उगाच नाही. फक्त सव्वाशे वर्षं थांबून मोजा.

जोशीकाका

मंगोलिया राहिला. क्षेत्रफळ साडेपंधरा लाख चौरस किलोमीटर, लोकसंख्या पस्तीस लाखांच्या आसपास, आणि त्यातली निम्मी उलानबातरला. गणितींचा मुद्दा इथेही लागू. त्यांचा स्वतःचा जुना खेळ आहे, शतर. आपल्या चतुरंगाचाच नातलग. त्यात घोड्याने मात देता येत नाही. आपल्याकडे जुने लोक प्याद्याने मात दिली तर त्याला मान द्यायचे (वरच्या सदस्याचं नाव तेच आहे म्हणा!), तसं त्यांच्याकडे घोड्याला मनाई. घोड्यावर जगणाऱ्या लोकांनी घोड्यालाच का अडवलं असेल, याचा मी बराच विचार केला आहे. उत्तर नाही.

मंगोलियाच्या म्याग्मारसुरेनचं नाव बहुतेकांना एका हरलेल्या डावामुळे माहीत असतं. ट्युनिशियातलं सूस, १९६७, समोर फिशर. शेवटी वजिराचं बलिदान आणि पुढे उंटाची मात अटळ. प्रत्येक पुस्तकात असतो तो डाव. मला मात्र नेहमी वाटतं, हा माणूस कुठून कुठे येऊन बसला होता! आधी उलानबातरहून ट्युनिशियापर्यंत पोहोचून दाखवा.

एकांडा

काका, हे शेवटचं वाक्य मी कॅम्पातल्या पटाशेजारी चिकटवतो.

लॉगिन_विसरलो

धागा बंद करा म्हणालो होतो, शब्द मागे घेतो. आणि इंटरनेटबद्दल एकांडा यांचं खरंच आहे. २०२० च्या ऑनलाइन ऑलिंपियाडच्या अंतिम फेरीत आपल्या निहाल सरीन आणि दिव्या देशमुखचीच जोडणी गेली होती. शेवटी रशिया आणि भारताला सुवर्ण विभागून दिलं.

तिरपा उंट

मग उपाय जुनाच. १८२४ ते १८२८ लंडन आणि एडिंबरा क्लबांनी टपालाने सामना खेळला होता. १९६५ ला फिशरला क्यूबाला जाऊ दिलं नाही तर तो न्यूयॉर्कहून टेलिप्रिंटरवर हवानाची स्पर्धा खेळला आणि विभागून दुसरा आला.

एकांडा, दिवसातून दोनदा नेट येतं म्हणालात ना? म्हणजे दिवसाला एक चाल सहज. इथेच खेळू, या धाग्यावर. बाकीच्यांनी सल्ला द्यायचा नाही (गणिती, तुम्हाला सांगतोय). इंजिन लावायचं नाही, हे सांगायला नको.

पांढरी माझी. ई४.

रातकिडा

खुर्ची तशीच ठेवतो.

एकांडा

चालेल! पण डॉक्टरांवरचं ओपनिंग खेळणार नाही, ते त्या मुलीपाशी ठेवून आलो.

सी५. पुढची चाल सकाळी बघतो, नेट आलं तर.